मुदतीबाहेरची दाद

नंदुरबार जिल्ह्याच्या उत्तर सीमेवरून नर्मदा वाहते. सातपुड्याच्या ह्या डोंगरपट्टीत, अक्राणी व अक्कलकुवा ह्या दोन तालुक्यांत, नदीच्या काठाकाठाने भिल्ल, पावरा इत्यादी लोकांची खेडी पिढ्यान्‌पिढ्या नांदत होती. गुजरातेतील सरदार सरोवराच्या जलाशयाने बाधित झालेली महाराष्ट्रातील ३३ गावे ती हीच. ह्या धरणासंबंधीच्या मोठ्या दाव्याचा निकाल दिल्लीच्या सर्वोच्च न्यायालयाने १८ ऑक्टोबर २००० रोजी दिला. धरणाची उंची किती असावी, अरण्याची व एकंदर पर्यावरणाची हानी किती होईल, नदीत पाणी खरोखर किती आहे, भूकंपाचे भय कितपत आहे, असे अनेक प्रश्न अर्जदारांनी उपस्थित केले होते. न्यायालयाने पुढे त्या प्रश्नांचा परामर्शही घेतला. परंतु बहुमताच्या निकालपत्राने आरंभी जे सांगितले ते असे की, हे प्रश्न विचारण्याची वेळ निघून गेली आहे. मंजुरी १९८७ सालची, अर्ज १९९४ सालचा. मधली वर्षे अर्जदारांनी दवडली. सबब पुनर्वसनाखेरीज इतर मुद्दे इतक्या उशिरा काढता येणार नाहीत.

वेळेवर न मागितलेली दाद ही मुळीच न मागितलेल्या दादेसारखी समजावी काय, हा प्रश्न नर्मदेच्या काठी प्रथम उद्भवला असे नाही. तो न्यायदानाइतकाच जुना आहे. ज्याला कोर्टाची पायरी चढावी लागली आहे अशा प्रत्येक कुटुंबाला तो कधी ना कधी भेटतो. अपिलास चार दिवस उशीर झाला, वकील वेळेवर उभा राहिला नाही, नक्कल मिळाली नाही, वडील वारले आणि मुलांची नावे दाव्यात लागली नाहीत, अशा कारणांनी खरे-खोटे न तपासताच प्रकरणे निकालात निघतात. हा नियम कोठून आला, तो का लागला, आणि कोणत्या ठिकाणी तो न्यायाचे साधन न राहता अडसर होतो, ह्याचा ऐतिहासिक मागोवा घेण्यासारखा आहे.

आपल्याकडील धर्मशास्त्राला ही कल्पना अपरिचित नव्हती. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायात असा नियम आहे की, मालक पाहत असून व काही न बोलता दुसऱ्याने त्याची जमीन २० वर्षे भोगली, तर मालकाची हानी होते. जंगम धनाला ही मुदत १० वर्षांची आहे. येथे नुसत्या वर्षांच्या गणनेवर भर नाही. मालकाच्या डोळ्यांदेखत गोष्ट घडली पाहिजे, आणि ती घडत असता त्याने मौन धरलेले असले पाहिजे, अशा दोन अटी त्यात आहेत. ज्याला दिसलेच नाही, किंवा जो ओरडत होता, त्याला हा नियम लागू करता येत नाही. शिवाय स्मृतिकारांनी अपवादही सांगितले आहेत. गहाण व ठेव, गावाची सीमा, बालकाचे व बुद्धिहीनाचे धन, स्त्रीचे धन, राजाचे व श्रोत्रियाचे धन ह्यांना ही काळाची मर्यादा लागत नाही. कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यात मिताक्षरा लिहिणारा विज्ञानेश्वर तर एक पाऊल पुढे जातो. एवढ्या काळाने जमिनीवरील स्वामित्व नष्ट होत नाही, मधल्या काळातील उत्पन्नावरचा हक्क तेवढा जातो, असा अर्थ त्याने लावला. म्हणजे दिरंगाईला दंड असावा, पण तो अपराधाच्या मानाने असावा, हा विचार ह्या भूमीत निदान आठ-नऊशे वर्षांपूर्वीचा आहे.

मराठी राज्यात गोतसभेपुढे व मजलशीपुढे वतनाचे तंटे चालत, महजर होत, साक्षी-पुरावे होत, प्रसंगी दिव्येही होत. परंतु एकदा झालेला निवाडा कायमचा, अशी खात्री थोडी असे. अंमल बदलला, नवा अधिकारी आला, की हरलेला पक्ष पुन्हा कागद घेऊन उभा राही, आणि आजोबांचा पाटिलकीचा तंटा नातवाच्या हयातीत नव्याने सुरू होई. अशा न संपणाऱ्या भांडणाने दोन्ही घराणी खंक होत. साक्षीदार मरत, कागद वाळवीच्या भक्ष्यस्थानी पडत, आणि खरे काय होते ते सांगणारा कोणी उरत नसे. ही बाजू ध्यानात घेतली म्हणजे मुदतीचा नियम हा निव्वळ निष्ठुरपणा नव्हे, हे पटते. भांडणाला कोठे तरी अंत असावा, आणि शांतपणे नांदणाऱ्याला वीस-तीस वर्षांनी कोणी घराबाहेर काढू नये, एवढाच त्याचा मूळ हेतू.

१८१८ साली पेशवाई बुडाली व खानदेश इंग्रजांच्या ताब्यात आला. कॅप्टन जॉन ब्रिग्ज ह्याने तेथील कारभाराची घडी बसविली. पुढे १८२७ साली मुंबई इलाख्यात एल्फिन्स्टनच्या कारकिर्दीतील कायद्यांचा संग्रह अंमलात आला, व मुनसफापासून सदर दिवाणी अदालतीपर्यंत कोर्टांची उतरंड उभी राहिली. ह्या उतरंडीच्या शिखरावर विलायतेत बसलेला राजा व त्याची प्रीव्ही कौन्सिल होती. सदर अदालतीचा निकाल मान्य नसेल तर पक्षकाराला तेथे अपील करता येई. येथे मात्र एक चमत्कारिक प्रकार घडला. कलकत्ता, मद्रास व मुंबई येथून अपिले दाखल होत, दप्तराच्या नकला मोहोरबंद करून लंडनला ईस्ट इंडिया कंपनीकडे पाठविल्या जात, आणि तेथे त्या तशाच पडून राहत. पुढे कोणीच हालचाल करीत नसे.

ह्याचे कारण समजण्यासारखे आहे. हिंदुस्थानातील पक्षकाराची समजूत अशी की, अर्ज सरकारदरबारी पोचला म्हणजे आपले काम संपले. चौकशी करणे हे राज्यकर्त्याचे कर्तव्य आहे. विलायतेतील पद्धत नेमकी उलट होती. पक्षकाराने तेथे आपला मुखत्यार नेमावा, त्याला पैसे द्यावेत, त्याने पावलापावलाने काम पुढे न्यावे. तसे न केल्यास कोर्ट स्वतः होऊन बोटही हलविणार नाही. जहाजाला आफ्रिकेला वळसा घालून जाण्यास महिनेच्या महिने लागत. धुळ्याच्या किंवा पुण्याच्या गृहस्थाने लंडनला मुखत्यार नेमावा, ही अपेक्षा किती जणांना कळली असेल?

१८३३ साली प्रीव्ही कौन्सिलच्या न्यायसमितीची स्थापना करणारा कायदा पार्लमेंटात झाला. पक्षकारांनी सुनावणीसाठी आवश्यक ती पावले न उचलल्याने अपिले खोळंबून राहिली आहेत, असे त्यात स्पष्ट नमूद केलेले आहे. ह्यावर उपाय म्हणून ती अपिले सुनावणीस आणण्याचे काम कंपनीवरच सोपविण्याची तजवीज झाली. ही गोष्ट महत्त्वाची आहे. उशीर झाला हे खरे. पण तो आळसाने झाला नसून पद्धतीच्या अज्ञानाने झाला, हे ओळखून पार्लमेंटाने जुनी अपिले एकदम फेकून दिली नाहीत, ती चालविण्याची सोय केली. नव्या अपिलांच्या बाबतीत मात्र नियम हळूहळू कडक झाले. १० एप्रिल १८३८ च्या राजाज्ञेने असे ठरले की, वादाची किंमत निदान १०,००० रुपये असली पाहिजे आणि निकालापासून सहा महिन्यांच्या आत अपिलाचा अर्ज केला पाहिजे. पुढे १८४५ च्या कायद्याने, विलायतेत ठरीव काळात काही हालचाल न झाल्यास पक्षकाराने अपील सोडून दिले असे मानण्याचा प्रघात आला. पहिल्या पायरीवर शिकवण व दुसऱ्या पायरीवर शिस्त, असा हा क्रम होता.

ह्याच सुमारास सर्व हिंदुस्थानासाठी मुदतीचा एकच कायदा असावा, असा विचार होऊन १८५९ चा १४ वा कायदा झाला. त्याची पुढील आवृत्ती १८७१ ची, त्यानंतरची १८७७ ची, त्यानंतरची १९०८ ची, आणि शेवटची १९६३ ची. १८५९ च्या कायद्याचा दक्षिणेत जो परिणाम झाला तो कोणत्याही कायदेपंडिताने विसरू नये असा आहे. कर्जाच्या साध्या खतावर तीन वर्षांच्या आत फिर्याद झाली पाहिजे, असा नियम झाला. व्याज साठत जाऊन कुणबी बुडू नये, हा त्यामागील उद्देश चांगलाच होता. पण झाले भलतेच. तीन वर्षे संपत आली की सावकार कुणब्याला बोलावी आणि मुद्दल व व्याज मिळून होणाऱ्या रकमेचे नवे खत लिहून घेई. मग त्या नव्या रकमेवर पुन्हा व्याज सुरू होई. कुणब्याने सही नाकारली तर फिर्याद तयारच असे. समन्स कोठे लागले, कोर्ट कोणत्या गावी, तारीख कोणती, हे न कळल्यामुळे शेतकरी हजर राहत नसे आणि एकतर्फी हुकूमनामा होई. ऋणकोच्या रक्षणासाठी केलेली मुदत धनकोच्या हातातील दोरी झाली. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सावकारांविरुद्ध जो दंगा उसळला व आसपास पसरला, त्याच्या कारणांची चौकशी करणाऱ्या कमिशनपुढे ही सर्व हकीकत आली.

त्यातून १८७९ चा दक्षिणी शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा जन्मला. आरंभी तो पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर ह्या चार जिल्ह्यांपुरता होता. ह्या कायद्याने न्यायाधीशाला खताच्या पलीकडे जाऊन मूळ देण्याघेण्याचा इतिहास तपासण्यास सांगितले, आणि खतांची मुदत पुन्हा वाढविली. अपिलांचा खटाटोप गरिबाला झेपत नाही हे पाहून लहान दाव्यांत अपीलच बंद केले, व त्याऐवजी वरिष्ठ न्यायाधीशाने स्वतः होऊन खालच्या कोर्टांची कामे तपासावीत, अशी व्यवस्था केली. ज्या न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे ह्यांनी पुढे ह्या कायद्याखालील खास न्यायाधीशाचे काम केले, ते १८७९ साली धुळ्यास सबजज्ज होते; नंदुरबार, तळोदे, शहादे हा सारा मुलूख त्या वेळी धुळे हे मुख्य ठाणे असलेल्या खानदेश जिल्ह्यातच मोडत असे. पक्षकार कोर्टापर्यंत पोचू शकत नसेल तर कोर्टाने पक्षकाराच्या दप्तरापर्यंत जावे, हे ह्या कायद्याचे मर्म होते.

परंतु नर्मदाकाठच्या डोंगरात हा कायदा तर सोडाच, साधारण कायदाही सरसकट पोचला नव्हता. १८७४ च्या अनुसूचित जिल्ह्यांच्या कायद्याच्या परिशिष्टात मुंबई इलाख्यातील ज्या प्रदेशांची नावे आहेत, त्यांत खानदेशातील सहा मेवासी संस्थानिकांची गावे येतात: काठी, नाल व सिंगपूर येथील पाडवी, गव्हाळीचे वळवी, चिखलीचे वसावे आणि नवलपूरचे पाडवी. ह्या मुलखात साधारण कायदे आपोआप लागू होत नसत. तेथील कारभार निराळ्या रीतीने चाले. स्वातंत्र्यानंतर १९५० च्या राष्ट्रपतींच्या आज्ञेनेही अक्राणी महाल, तळोदे तालुका, नवापूर पेटा व ह्याच मेवासी गावांचा अनुसूचित क्षेत्रात समावेश झाला. तेव्हा वकील, मुनसफ, नक्कल, तारीख व मुदत हा जो शहरी मनुष्याच्या अंगवळणी पडलेला व्यवहार, तो ह्या डोंगरात फार उशिरा शिरला. ही गोष्ट पुढील हकीकत ऐकताना ध्यानात ठेवली पाहिजे.

आज प्रचारात असलेले नियम थोडक्यात असे आहेत. दिवाणी निकालावर जिल्हा कोर्टात अपील करण्यास ३० दिवस व हायकोर्टात करण्यास ९० दिवस मिळतात. नक्कल मिळण्यास लागलेला काळ त्यातून वजा होतो. सुनावणीच्या दिवशी अपीलकर्ता हजर नसेल तर अपील काढून टाकता येते, व पुरेसे कारण दाखविल्यास पुन्हा दाखल करून घेता येते. अपीलकर्ता वारला तर ९० दिवसांच्या आत त्याच्या वारसांची नावे लागली पाहिजेत. नाही तर माणसाबरोबर अपीलही संपते. ह्या सर्व कडकपणाला कायद्याच्या ५ व्या कलमाने एक खिडकी ठेवली आहे. उशिराला पुरेसे कारण असल्याची कोर्टाची खात्री झाली, तर उशीर माफ करता येतो. ह्या खिडकीतून किती प्रकाश आत येऊ द्यावा, ह्याबद्दल न्यायाधीशांत मतभेद होत आले. मद्रास हायकोर्टाने १८९० साली ह्या शब्दांचा अर्थ उदारपणे करावा असे ठरविले. उलट प्रीव्ही कौन्सिलने १९३२ साली असा इशारा दिला की, मुदतीच्या कायद्याचा अर्थ करताना दयेचा विचार अप्रस्तुत आहे.

१९ फेब्रुवारी १९८७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने काश्मिरातील अनंतनाग येथील एका प्रकरणात ह्या बाबतीत मोठा उदार दृष्टिकोन स्वीकारला. जमीन संपादनाच्या नुकसानभरपाईविरुद्ध सरकारने केलेले अपील अवघ्या चार दिवसांच्या उशिरामुळे खालच्या कोर्टाने काढून टाकले होते. न्यायमूर्ती ठक्कर व न्यायमूर्ती रे ह्यांनी ते पुन्हा चालविण्यास सांगितले. उशीर करून सहसा कोणाचा फायदा होत नाही. उशीर माफ केल्याने फार तर प्रकरणाचा निकाल गुणावगुणांवर लागेल. आणि प्रत्येक दिवसाचा हिशेब मागण्याचा नियम शहाणपणाने वापरावा, असा त्या निकालाचा आशय आहे. उदार दृष्टीचा लाभ त्या वेळी मिळाला तो सरकारला.

आता दुसरी एक बाजू. नागरिकाचा मूलभूत हक्क पायदळी तुडविला गेला तर थेट सर्वोच्च न्यायालयात जाण्याची सोय राज्यघटनेच्या ३२ व्या कलमात आहे. त्याला मुदतीचा कायदा लागत नाही. मग कितीही उशिरा गेले तरी चालेल काय? हा प्रश्न मुंबईच्या तिलोकचंद मोतीचंद ह्या पेढीच्या प्रकरणात निघाला. विक्रीकराच्या ज्या कलमाखाली त्यांच्याकडून सुमारे साडेसव्वीस हजार रुपये वसूल झाले होते, ते कलमच दुसऱ्या एका दाव्यात १९६७ साली घटनाबाह्य ठरले. तेव्हा त्यांनी १९६८ साली पैसे परत मागितले. पाच न्यायाधीशांपैकी तिघांनी अर्ज फेटाळला. सरन्यायाधीश हिदायतुल्ला ह्यांचे म्हणणे असे की, येथे वर्षांची ठराविक मर्यादा नाही, तथापि झोपून राहिलेल्याला मदत करण्यास न्यायालय बांधलेले नाही. इंग्रजी कायद्यात ह्या दोषाला ‘लॅचेस’ म्हणतात. मराठीत त्याला दिरंगाईचा दोष म्हणता येईल. पुढे १९७३ साली, पूर्वीच्या हैदराबाद राज्यातून महाराष्ट्राच्या महसूल खात्यात आलेल्या अधिकाऱ्यांच्या, म्हणजे देवधर प्रकरणात, दहा वर्षांहून अधिक उशीर होऊनही न्यायालयाने त्यांचे ऐकले. मधल्या काळात दिलेल्या बढत्या तात्पुरत्या होत्या, त्यामुळे कोणाचा पक्का झालेला हक्क बिघडत नव्हता. दिरंगाईचा नियम हा कायद्याचा नियम नसून व्यवहारातील तारतम्य आहे, असे तेथे सांगण्यात आले. म्हणजे किती उशीर झाला ह्याबरोबरच तो का झाला, आणि त्यामुळे कोणाचे काय बिघडले, हेही पाहिले पाहिजे.

ह्या पार्श्वभूमीवर नर्मदेचा दावा पाहावा. धरणाची कोनशिला ५ एप्रिल १९६१ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते बसली. पाण्याच्या वाटणीवरून राज्याराज्यांत तंटा झाल्यामुळे १९६९ साली लवाद नेमला गेला व त्याचा अंतिम निवाडा डिसेंबर १९७९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्या लवादापुढे गुजरात, मध्यप्रदेश, महाराष्ट्र व राजस्थान ही राज्ये पक्षकार होती. ज्यांची घरे बुडावयाची ते लोक पक्षकार नव्हते. निवाड्यात त्यांच्यासाठी जमिनीच्या मोबदल्यात जमीन, निदान दोन हेक्टर, देण्याची चांगली तरतूद झाली, हेही सांगितले पाहिजे. १९८६ साली महाराष्ट्रात नर्मदा धरणग्रस्त समिती स्थापन झाली. जून १९८७ मध्ये केंद्र सरकारने पर्यावरणाच्या दृष्टीने मंजुरी दिली, ती अटींवर. काही पाहण्या व अभ्यास पुढे व्हावयाचे होते. १९८८ साली नियोजन मंडळाची मान्यता मिळाली. मग जागतिक बँकेने नेमलेल्या मोर्स समितीने १९९२ साली पुनर्वसन व पर्यावरण ह्या दोन्ही बाबतींत गंभीर उणिवा दाखविल्या, आणि मार्च १९९३ मध्ये बँकेच्या कर्जाचा उरलेला भाग रद्द झाला. एप्रिल १९९४ मध्ये नर्मदा बचाव आंदोलनाने सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला. १९९५ साली न्यायालयाने बांधकाम थांबविले, १९९९ साली ८५ मीटरपर्यंत परवानगी दिली, आणि २००० सालच्या अंतिम निकालाने ९० मीटरपर्यंत लगेच व त्यापुढे पुनर्वसनाच्या बरोबरीने टप्प्याटप्प्याने बांधण्याची मुभा दिली. सरन्यायाधीश आनंद व न्यायमूर्ती किरपाल ह्यांचे बहुमत होते. न्यायमूर्ती भरुचा ह्यांनी भिन्न मत दिले, व तज्ज्ञांकडून पर्यावरणाच्या मंजुरीचा पुन्हा विचार होईपर्यंत काम थांबावे असे म्हटले.

बहुमताची बाजू दुबळी नाही. अर्जदार संघटना १९८६ पासून धरणाविरुद्ध चळवळ करीत होती. तेव्हा तिला माहिती नव्हती असे म्हणता येत नाही. मधल्या सात वर्षांत सार्वजनिक पैशातून शेकडो कोटी रुपये खर्च झाले. कच्छ व सौराष्ट्रातील तहानलेली गावे कालव्याकडे डोळे लावून बसली होती. जे काम निम्मे-अधिक झाले ते मूळ मंजुरीपासून पुन्हा उकरावयाचे, तर कोणतेही मोठे काम कधीच पुरे होणार नाही. मराठी राज्यातील न संपणाऱ्या वतनतंट्यांची आठवण करून देणारा हा युक्तिवाद आहे, आणि तो विचारी मनुष्याने नाकारू नये.

पण स्मृतिकाराच्या दोन अटी येथे लावून पाहिल्या म्हणजे मन साशंक होते. पहिली अट, डोळ्यांदेखत घडणे. मंजुरी दिल्लीच्या कचेरीतील कागदावर झाली; अक्राणीतील भिलोरी किंवा पावरी बोलणाऱ्या शेतकऱ्याला तिचा अर्थ पाणी चढेपर्यंत कळण्याचा संभव थोडा. शिवाय मंजुरी अटींची होती. अटी पाळल्या जातील असे धरून चालणाऱ्याने त्या मोडल्याचे दिसेपर्यंत वाट पाहिली, तर त्याची मुदत कोणत्या दिवसापासून मोजावी? दुसरी अट, मौन. हे लोक मुके नव्हते. मोर्चे, उपोषणे, सरकारकडील व बँकेकडील अर्ज, सारे काही चालले होते. त्यांनी केलेला आरडाओरडा कोर्टाबाहेरचा होता, एवढेच. ज्या चळवळीने त्यांचे मौन नव्हते हे सिद्ध होते, तीच चळवळ त्यांना माहिती होती ह्याचा पुरावा ठरली. आणखी एक गोष्ट अशी की, उशिराचा दोष अर्जदार संघटनेचा, पण त्याचा भार पडला तो गावकऱ्यांवर. बालकाच्या धनाला काळाची मर्यादा न लावणाऱ्या स्मृतिकाराने येथे क्षणभर विचार केला असता. ज्यांना फुकट वकील मिळण्याचा हक्क आहे त्यांत अनुसूचित जमातींचा समावेश करणारा विधिसेवेचा कायदा १९८७ सालीच संमत झाला होता, पण त्याचा अंमल ९ नोव्हेंबर १९९५ रोजी सुरू झाला. मुदतीचे घड्याळ आठ वर्षे आधी चालू झाले आणि मदतनीस आठ वर्षांनी आला.

न्यायालयाने एक दार उघडे ठेवले, हे न्यायासाठी सांगितलेच पाहिजे. पुनर्वसनाचा प्रश्न दिरंगाईच्या नावाखाली बंद झाला नाही. कारण जगण्याचा हक्क रोजच्या रोज नवा असतो. त्याच दारातून पुढील काळात तळोदे व शहादे तालुक्यांतील वसाहतींच्या जमिनी व बाधितांच्या यादीतून सुटलेली नावे ह्यांविषयीच्या तक्रारी पुढे आल्या. धरणाची पूर्ण उंची १३८.६८ मीटर झाली व १७ सप्टेंबर २०१७ रोजी ते राष्ट्रास अर्पण झाले. मणिबेलीसारख्या गावांच्या जुन्या जागा पाण्याखाली आहेत. विज्ञानेश्वराच्या भाषेत बोलावयाचे तर, उत्पन्न गेले इतकेच नव्हे, स्वामित्वही गेले.

ह्याच जिल्ह्याने दुसरा एक धडाही दिला आहे. १९७१-७२ च्या सुमारास शहाद्याच्या परिसरात अंबरसिंग सुरतवंती ह्यांच्या पुढाकाराने आदिवासींच्या गेलेल्या जमिनींची चळवळ उभी राहिली. अशा जमिनी परत देण्यासाठी महाराष्ट्राने १९७४ चा कायदा केला व तो १ नोव्हेंबर १९७५ पासून लागू झाला. त्यात आदिवासीने अर्ज करण्याची मुदत प्रथम तीन वर्षांची होती. पुढे दुरुस्त्या होऊन ती तीस वर्षांवर नेण्यात आली. शिवाय कलेक्टरने अर्जाची वाट न पाहता, स्वतः होऊन, केव्हाही चौकशी करावी अशी तरतूद ठेवण्यात आली. १८३३ साली पार्लमेंटाने आणि १८७९ साली मुंबईकडील कायद्याने जे ओळखले होते तेच येथे पुन्हा मान्य झाले. ज्याला कचेरीची वाट माहीत नाही त्याच्यासाठी मुदत लांबवावी, किंवा कचेरीने त्याच्याकडे जावे; ह्याखेरीज तिसरा मार्ग नाही.

अलीकडे, २०१२ साली, पोस्टखात्याच्या एका प्रकरणात ४२७ दिवसांच्या उशिराबद्दल सर्वोच्च न्यायालयाने सरकारला माफी नाकारली. सरकारी दप्तराचा कागद सावकाश फिरतो ही सबब चालणार नाही, असे बजावले. हे योग्यच झाले. मोठी कचेरी, पगारी वकील व छापील नियमावली ज्याच्या हाताशी आहे, त्याला उशिराची सबब कमी असते. ज्याच्यापाशी ह्यातले काहीच नाही त्याला ती अधिक असते. मुदतीचा नियम सर्वांना सारखा असावा, ह्याचा अर्थ सर्वांची घड्याळे एकाच क्षणी सुरू करावीत असा नव्हे. नोटीस ज्याच्या भाषेत त्याच्या दारापर्यंत पोचली, व जाणून-बुजून जो स्वस्थ बसला, त्याची दाद मुदतीबाहेर जावी. बाकीच्यांना उशीर का झाला हे विचारल्यावाचून न्यायासनाने दप्तर मिटू नये.